एका दिवसात ल्यों : काय खावं, काय प्यावं, काय सोडून द्यावं?

ताकभात

पॅरिसहून एका दिवसासाठी ल्योंला जायचं ठरतंय. माणसं तीन. एक सर्वभक्षी, एक फक्त अंडं चालणारी आणि एक कट्टर शाकाहारी. वार सोमवार. कच्चा बेत असा :

सकाळी ७ च्या सुमारास पॅरिसच्या गार द ल्यों स्टेशनवरून तेजेवे (टीजीव्ही, फ्रान्सची वेगवान रेल्वे), ९ ला ल्योंचं पार-द्यू स्टेशन. तिथून पोल बोक्यूज या नामवंत शेफच्या नावाचा बंदिस्त बाजार. मग फुर्विएर टेकडी, जुनं ल्यों, त्राबूल (इमारतींमधून जाणाऱ्या आडवाटा). दुपारी बूशोंमध्ये जेवण. जेवणानंतर बोजोलेच्या मळ्यांत जाऊन वाइन. परत येऊन ल्युमिएर बंधूंचं संग्रहालय. रात्री ८ ची गाडी.

जमेल का? नसेल जमत तर कात्री कुठे लावू? 'त्यापेक्षा पॅरिसच नीट बघा' म्हणणाऱ्यांना आधीच साष्टांग नमस्कार.

मागवाला

पहिली कात्री सोमवारावर.

आल द ल्यों, म्हणजे तुमचा तो बंदिस्त बाजार : सोमवारी बहुतेक गाळे बंद. ल्युमिएर संग्रहालय : सोमवारी बंद. कोंफ्लुआंस संग्रहालय : सोमवारी बंद. सोन नदीकाठचा सँतान्त्वान बाजार आणि क्रुआ-रूसचा बाजार मंगळवार ते रविवार सकाळीच भरतात. बरेच बूशोंही सोमवारी बंद असतात. मग उरतं काय, दोन नद्या आणि एक टेकडी.

मंगळवारी तेरो चौकातलं ललितकला संग्रहालय बंद. रविवारी आलमधले बरेच गाळे दुपारी लवकर बंद होतात, आणि जेवायच्या जागा सापडणं कठीण. शनिवारी सगळं उघडं, पण बूशोंत पाय ठेवायला जागा नाही. म्हणजे बुध, गुरू, शुक्र. आधी वार ठरवा, मग पदार्थ.

कडबोळी

+१. आणि दिवसाची खुंटी म्हणजे दुपारचं जेवण. बूशोंची स्वयंपाकघरं दुपारी १२ ला सुरू होतात आणि दीड-दोनला बंद, मग थेट संध्याकाळी सात-साडेसातला. अडीचला दारात उभं राहिलात तर आत खुर्च्या उलट्या करून ठेवलेल्या दिसतील. तुमची ८ ची गाडी असेल तर रात्रीचं जेवण बादच. म्हणून १२ वाजताचं टेबल काही दिवस आधी आरक्षित करा आणि बाकीचा दिवस त्याच्या मागे-पुढे बसवा.

चौकस

बूशों म्हणजे नक्की काय? साधी खानावळ?

कडबोळी

खानावळच, पण ठरावीक पदार्थांची. लाल-पांढऱ्या चौकड्यांचे कापड, टेबलं एकमेकांना चिकटलेली, शेजारच्याचं कोपर आपल्या ताटलीत. 'बूशों' ही पाटी कोणीही लावतो, जुन्या ल्योंतल्या सँ-जाँ रस्त्यावर तर दर दहा पावलांवर एक. म्हणून २०१२ मध्ये तिथल्या व्यापार-मंडळाने 'ले बूशों ल्योने' असं प्रमाणचिन्ह सुरू केलं. ते दारावर दिसलं तर बरं. ते नसलेल्या काही जागाही उत्तम असतात, पण फोटो छापलेलं पाच भाषांतलं मेनूकार्ड दिसलं की सरळ पुढे चालू लागा.

दुपारचं ठरीव जेवण साधारण २० ते ३० युरो. पाव आणि 'कराफ दो' (नळाचं पाणी) त्यातच. 'पाणी' म्हटलं की बाटलीबंद येतं आणि बिलात लागतं, म्हणून 'कराफ' हा शब्द तोंडपाठ हवा. सेवाशुल्क किमतीत धरलेलं असतं, वर टिप द्यायची सक्ती नाही.

फणसाचा_गरा

सर्वभक्षी माणसासाठी यादी.

केनेल : पाइक माशाचा गर, पीठ, लोणी, अंडी आणि दूध यांचा लांबट मऊ गोळा. वरून नान्तुआ सॉस, म्हणजे नदीतल्या झिंग्यासारख्या जीवाच्या लोण्याचा रस्सा. चांगली केनेल भट्टीतून टम्म फुगून येते आणि पाचेक मिनिटांत बसते. आलीच बसकी आणि रबरी, तर समजा फोडलेलं पाकीट.

ताब्लिये द सापर : बैलाची वजडी. आधी उकडायची, पांढऱ्या वाइनमध्ये मुरवायची, मग पावाच्या चुऱ्यात घोळवून तळायची. सोबत ग्रिबीश सॉस. वजडी आवडणाऱ्याला यात काही अवघड नाही, वास बेताचा असतो.

आंदुयेत : आतडी भरलेलं आतडं. हिचा वास मात्र बेताचा नसतो. बघूया तरी म्हणून पूर्ण एक मागवू नका.

सलाद ल्योनेज : कडसर कुरळा पाला, डुकराच्या मांसाचे खरपूस तुकडे (लार्दों), तळलेले पावाचे तुकडे आणि वर पोच केलेलं अंडं. अंडं फोडून पिवळं पाल्यात मिसळायचं, तेच ड्रेसिंग. खूप लोक अंडं आधी खाऊन टाकतात आणि मग सलाद आंबट लागतं म्हणून कुरकुरतात.

रोझेत आणि जेझ्यू हे सुके सॉसेज जेवणात मागवण्यापेक्षा आलमध्ये घ्या. पातळ कापून १०० ग्रॅम तिघांना पुरेल, तुमच्यात तर एकालाच.

वेलदोडा

शाकाहारी माणसाला केनेल चालेल ना? 'केनेल नात्यूर' नावाची बिनमाशांची मिळते.

फणसाचा_गरा

दुकानात मिळते. त्यात अंडी आहेतच, पण मासा नाही. बूशोंत मात्र ती बहुधा नान्तुआ सॉसमध्येच बुडून येते, म्हणजे मासा गेला आणि झिंगा आला.

कडबोळी

शाकाहाराबद्दल जरा सविस्तर लिहिते, कारण घोळ इथेच होतो.

'व्हेजेतारियँ' म्हटलं की काहींना मासे चालत असतील असं वाटतं. त्यापेक्षा : 'ज न मांज नी व्यांद नी प्वासों.' मांस नाही, मासा नाही. टेबल आरक्षित करतानाच सांगा, ऐन वेळी नको.

फसवे पदार्थ : कांद्याचं सूप (रस्सा बहुधा बैलाच्या हाडांचा), मसुराचं सलाद (त्यात सॉसेज किंवा लार्दों असू शकतात). सलाद ल्योनेज 'सां लार्दों' (लार्दों वगळून) मागवलं तरी ड्रेसिंग त्याच तव्यातल्या चरबीत व्हिनेगर ओतून केलेलं असू शकतं, तेही विचारा.

निर्धोक म्हणता येतील असे : ग्रातँ दोफिनोआ (बटाट्याचे काप, दूध-साय, लसूण, भट्टीत खरपूस), हिरवं सलाद आणि सेर्व्हेल द कान्यू. नावाचा अर्थ 'विणकराचा मेंदू', पण असतं निव्वळ चक्क्यासारखं ताजं चीज. चीजमध्ये प्राण्याचं रेनेट (वासराच्या पोटातलं, दूध फाडणारं द्रव्य) असतं हे ज्यांना चालत नाही त्यांना सँ-मार्सलँ वगैरे चीज सोडावं लागेल. अंडं वर्ज्य असेल तर बऱ्याच गोड पदार्थांवरही काट.

खरं सांगायचं तर कट्टर शाकाहारी माणसाला बूशोंत ३० युरो देऊन बटाटा खायला लावणं हा अन्याय आहे.

पाटावरवंटा

घरी बटाट्याची भाजी नको म्हणायची आणि तिथे ग्रातँ म्हणून मिटक्या मारायच्या :))

वेलदोडा

सेर्व्हेल द कान्यूची कृती द्या कोणीतरी. चक्क्याचं करता येईल?

फणसाचा_गरा

येतं. २५० ग्रॅम चक्का, ३ मोठे चमचे ताजी साय किंवा क्रीम, १ शॅलॉट अगदी बारीक चिरून, अर्धी पाकळी लसूण, मूठभर चाइव्ह आणि पार्सली, १ मोठा चमचा पांढरं वाइन व्हिनेगर, २ चमचे ऑलिव्ह तेल, मीठ, मिरी. काट्याने फेटायचं, मिक्सर नको, पातळ होतं. दोन तास फ्रिजमध्ये.

दोन गोष्टी बिघडतात. एक, आपला चक्का मुळात आंबट, त्यामुळे व्हिनेगर अर्धंच घालून चव बघा. दुसरी, शॅलॉटऐवजी लाल कांदा घातला तर तासाभरात उग्र होतो आणि पाणी सोडतो. घालायचाच तर चिरून थंड पाण्यात दहा मिनिटं ठेवा, पिळून घ्या. चाइव्ह नसेल तर कांद्याच्या पातीचा फक्त हिरवा भाग.

चौकस

श्रीखंड करायला आणलेला चक्का यात घालवायचा? पाप लागेल.

द्राक्षमळा

आता वाइन. ताकभात, मळ्यांची कल्पना सोडा.

बोजोले नकाशावर ल्योंला चिकटलेलं दिसतं. व्हिलफ्रांशला लोकल गाडीने अर्धा तास, बेलव्हीलला थोडा जास्त. पण स्टेशनवर उतरलं की मळे दारात नसतात. मॉर्गों, फ्लरी वगैरे गावं तिथून पुढे, आणि गाडी हाताशी नसेल तर टॅक्सीच्या भरवशावर. जाणं, वाट पाहणं, चाखणं, परत येणं : चार-पाच तास गेले. म्हणजे ल्यों गेलं.

त्यापेक्षा ल्योंतच प्या. तिथे गमतीने म्हणतात, शहराला तीन नद्या आहेत : रोन, सोन आणि बोजोले.

बूशोंत 'पो' मागवा. जाड बुडाची ४६ सेंटीलिटरची बाटली, घरची वाइन भरून येते. दोन माणसांना दुपारी एक पो पुरे, साधारण तीन ग्लास होतात. पुढे चढ-उतार चालायचाय हे लक्षात ठेवा.

पाटावरवंटा

बोजोले म्हणजे ती नोव्हेंबरातली केळ्याच्या वासाची ना? सरबत आहे ते.

द्राक्षमळा

याच गैरसमजासाठी थांबलो होतो.

नोव्हेंबरच्या तिसऱ्या गुरुवारी येते ती बोजोले नूव्हो. गामे जातीची द्राक्षं न चिरडता घडासकट टाकीत भरतात, टाकीत कार्बन डायऑक्साइड कोंडतात, आंबणं दाण्याच्या आतच सुरू होतं. त्यामुळे रंग आणि फळाचा वास येतो, तुरटपणा येत नाही. केळ्यासारखा वास त्या घाईच्या पद्धतीतून. काढणीनंतर दोनेक महिन्यांत बाटली विकायला तयार, मग दुसरं काय होणार!

याच गामेच्या दहा 'क्र्यू', म्हणजे स्वतःच्या नावाने ओळखले जाणारे खास मळ्यांचे पट्टे, आहेत : सँतामूर, ज्युलिएना, शेना, मूलँ-आ-व्हँ, फ्लरी, शिरूब्ल, मॉर्गों, रेन्ये, ब्रुयी, कोत द ब्रुयी. उत्तरेकडची ग्रॅनाइटची जमीन. यांच्या लेबलवर अनेकदा 'बोजोले' हा शब्दच नसतो, क्र्यूचं नाव तेवढं असतं. म्हणून माणसं ती शेजारीच असून ओळखत नाहीत. मॉर्गों किंवा मूलँ-आ-व्हँ चांगल्या वर्षाची असेल तर पाच-सात वर्षं आरामात टिकते. आणि ही लाल वाइन किंचित गार प्यायची, १३-१४ अंशांना. उन्हाळ्यात टेबलावर कोमट आली तर बर्फाची बादली मागायला लाजू नका.

अवांतर : १३९५ मध्ये बर्गंडीच्या ड्यूकने या गामेला 'बेइमान वेल' ठरवून आपल्या मुलखातून उपटायचा हुकूम काढला होता. तिथून हाकललेली वेल इथे रमली.

झणझणीत

आणि रोन खोरं विसरलात की. ल्योंच्या दक्षिणेला कोत-रोती, कोंद्रियू, सँ-जोझेफ, एर्मिताज. लाल म्हणजे सिराह. नाशिककडे शिराझ म्हणून जी लावतात तीच. कोत-रोतीत पांढऱ्या व्हियोन्येचे दाणे २० टक्क्यांपर्यंत मिसळायची मुभा आहे. लाल वाइनमध्ये पांढरी द्राक्षं, पण रंग उलट पक्का होतो.

मळे बघायचेच असतील तर बोजोले नको, तँ-लेर्मिताज करा. ल्योंहून लोकलने तासाभरात, स्टेशन गावातच, एर्मिताजची टेकडी मागे उभी, तळघरं चालत जाण्याच्या अंतरावर. गाडी-टॅक्सी काही नको.

द्राक्षमळा

तँबद्दल सहमत, पण त्यासाठी दुसरा दिवस. एका दिवसात ल्यों आणि तँ म्हणजे जाऊन-येऊन दोन तास रुळांवर, वर पॅरिसचे चार. वाइन रेल्वेतच प्या मग.

चौकस

जेवणाआधी तिथे कीर पितात ना?

द्राक्षमळा

कीर दिजोंची : पांढरी वाइन आणि ब्लॅककरंट या फळाचं, म्हणजे कासीसचं, 'क्रीम' म्हणवणारं गोड मद्य. ल्योंची ती 'कोम्युनार', लाल बोजोलेत तेच क्रीम. प्रमाण अंदाजे चार भाग वाइन, एक भाग क्रीम. क्रीम वाढलं की खोकल्याचं औषध.

मागवाला

खाण्यापिण्यात संस्कृती वाहून चालली म्हणून मध्ये पडतो.

टेकडी चढू नका, उतरा. जुन्या ल्योंच्या मेट्रो स्टेशनातूनच केबलवर ओढली जाणारी फ्युनिक्युलर निघते. दोन फाटे आहेत : एफ २ फुर्विएरला, एफ १ सँ-झ्युस्तला. चुकून दुसरीत बसलात तरी मिनीम थांब्यावर उतरून रोमन रंगमंडप गाठता येतो, अगदीच वाया नाही. एक तिकीट तासभर चालतं, त्यात मेट्रो, ट्राम, बस, फ्युनिक्युलर सगळं. तिघांनी दिवसभर फिरायचं तर २४ तासांचा पास बघा.

वर बाझिलिका हे मोठं चर्च, गच्चीवरून दोन नद्यांमधला अख्खा प्रेस्किल दिसतो. पाच मिनिटांवर रोमन रंगमंडप, प्रवेश मोकळा. हे शहर इसवी सनापूर्वी ४३ मध्ये लुग्दुनुम म्हणून वसलं, सम्राट क्लॉडियस इथलाच. मग रोझेर बागेतून पायवाटेने खाली, वीस मिनिटं. पावसात पायऱ्या निसरड्या, तेव्हा फ्युनिक्युलरनेच उतरा.

आता त्राबूल. इमारतींच्या पोटातून एका रस्त्यावरून दुसऱ्यावर नेणाऱ्या वाटा. शेकडो आहेत, लोकांना खुल्या सुमारे ४०. जुन्या ल्योंतला सर्वांत लांब : सँ-जाँ रस्ता क्र. ५४ मधून शिरायचं, बफ रस्ता क्र. २७ ला बाहेर. दार बंद दिसतं, ते ढकलायचं. नाही उघडलं तर शेजारच्या पट्टीवर टपालवाल्यांसाठीचं बटण असतं, ते सकाळच्या वेळी चालतं. दुपारनंतर बरीच दारं उघडत नाहीत, म्हणून त्राबूल जेवणाआधी. आत लोक राहतात. जिन्यात हाका मारत 'अगं इकडे ये, फोटो काढ' करू नये.

झणझणीत

पुण्यात वाड्यांतून अशा पलीकडे जायच्या वाटा असतात, पण तिथे बटण नसतं. तिथे आतून 'कोण पाहिजे?' येतं.

मागवाला

:) पण क्रुआ-रूसचे त्राबूल वेगळे. जुन्या ल्योंतले पंधराव्या-सोळाव्या शतकातल्या सावकारी घरांचे, क्रुआ-रूसचे एकोणिसाव्या शतकातल्या विणकरांचे, म्हणजे कान्यूंचे. झाकार्ल या ल्योंकराने १८०४ मध्ये भोकांच्या पत्त्यांवर चालणारा माग आणला. (आपण त्याला जकार्ड म्हणतो.) तो इतका उंच की घरांना चार मीटरची छतं लागली. त्या टेकडीवरच्या उंच खिडक्या उजेड आणि माग, दोन्हींसाठी. १८३१ आणि १८३४ ला याच विणकरांनी मजुरीच्या दरासाठी उठाव केले.

रस्ता : मेट्रो सी ने क्रुआ-रूसला चढा (दातेरी रुळांची मेट्रो आहे), इव्ही रस्त्यावरच्या मेझों दे कान्यूमध्ये चालता माग बघा, मग कोल्बेर चौक क्र. ९ मधून कूर दे व्होरास. सहा मजली उघडा दगडी जिना. तिथून उतरत तेरो चौक. सगळं उतारावर.

येवल्याच्या मागांवर काठासाठी जकार्ड चढवलेलं असतं, ते बघितलेल्याला मेझों दे कान्यूमध्ये काय चाललंय ते लगेच कळेल. पैठणीचा पदर मात्र हातानेच भरतात.

पाटावरवंटा

झाकार्ल??

मागवाला

झाकार. बोटं घसरली. फ्रेंचमध्ये शेवटचा ड गिळतात.

वेलदोडा

मग ल्योन, लिऑन, लियाँ, ल्यों यातलं खरं कुठलं? तिकीट खिडकीवर काय म्हणायचं?

कडबोळी

'ल्यों', न नाकात. पण खिडकीवर जाऊच नका, तेजेवेचं तिकीट जितकं उशिरा तितकं महाग. आधी काढा.

चौकस

ल्युमिएर संग्रहालय ठेवायचं की नाही यावर कोणी बोलेना.

मागवाला

मराठी माणसाने ठेवावं. मेट्रो डी, स्टेशन मोंप्लेझीर-ल्युमिएर, बाहेर आलं की वाडा समोरच. रस्त्याचं नावच 'पहिल्या चित्रपटाचा रस्ता'. १९ मार्च १८९५ ला कारखान्यातून सुटणारे कामगार जिथे चित्रित केले, त्या शेडचा भाग जपून ठेवलाय. पॅरिसचा सार्वजनिक खेळ २८ डिसेंबर १८९५ चा, आणि ७ जुलै १८९६ ला याच ल्युमिएरांची चित्रं मुंबईत वॉटसन हॉटेलात दाखवली गेली. सावेदादांनी, म्हणजे हरिश्चंद्र भाटवडेकरांनी, ते खेळ पाहून कॅमेरा मागवला. दीड तास पुरतो.

फणसाचा_गरा

गोड राहिलं! तार्त ओ प्रालिन. साखरेचं गुलाबी कवच चढवलेले बदाम कुटून क्रीममध्ये आटवतात आणि भाजलेल्या पारीत ओततात. २५० ग्रॅम प्रालिनला २५० मिली क्रीम, थर्मामीटरवर १०८ ते ११० अंश. कमी शिजलं तर कापल्यावर वाहतं, ११५ च्या पुढे गेलं तर दाताला चिकटणारी चिक्की. आलमध्ये एक छोटा तुकडा दोघांत घ्या, भयंकर गोड असतो. पारीत अंडं असू शकतं. प्रालिनच्या पाकिटावर ई-१२० दिसलं तर तो रंग किड्यापासूनचा, शाकाहाऱ्यांनी ठेवून द्यावं.

ताकभात

सगळ्यांचे आभार. सोमवार रद्द, गुरुवार. नवा बेत :

९ ला पार-द्यू, मेट्रोने जुनं ल्यों, एफ २ ने वर, बाझिलिका, रंगमंडप, उतरून ५४ सँ-जाँ. १२ ला बूशों, दोघांसाठीच. शाकाहारी सदस्याने स्वतःच सांगितलं की ३० युरोचा बटाटा नको, तो पूल ओलांडून सँतान्त्वान बाजारातून पाव, चीज, फळं घेऊन सोनच्या काठावर बसेल. रेनेट चालतं म्हणतो. दोन ते चार क्रुआ-रूस वरून खाली. साडेचारला ल्युमिएर. सहा ते सात आल, प्रालिन आणि बाटल्या. ८ ची गाडी. मळे बाद.

मागवाला

चांगला आहे. दोन दुरुस्त्या. बाजार दुपारी एकच्या सुमारास आवरतात, तेव्हा काठावर बसणाऱ्याने बाराला निघावं. आणि ल्युमिएरहून डी ने साक्स-गांबेता, तिथे बी पकडून पार-द्यू. आल स्टेशनपासून चालत दहा मिनिटं आहे, पण सातच्या आधीच बरेच गाळे आवरायला लागतात, म्हणून ल्युमिएर तासाभरात आटपून साडेपाचला सोडा.

द्राक्षमळा

बाटल्या घेताय तर : विमानात चेक-इन बॅगेतच, भारतात प्रत्येकी दोन लिटरपर्यंत करमुक्त. सँ-मार्सलँ नेणार असाल तर 'सू व्हीद' म्हणजे निर्वात पाकिटात बांधून मागा, नाहीतर बॅग उघडल्यावर घरचे तुम्हालाच विचारतील. मऊ चीज हातातल्या सामानात द्रव पदार्थात मोजलं जाऊ शकतं.

कडबोळी

आणि तेजेवेचे दरवाजे सुटण्याच्या दोन मिनिटं आधी बंद होतात. परतीच्या पाटीवर 'पारी गार द ल्यों' दिसेल. 'ल्योंमध्येच तर आहोत, ही गाडी कुठे चालली' असा वाद घालत फलाटावर उभे राहू नका. तुमची गाडी तीच.